तरवडाच्या हद्दीपलीकडं

भोरच्या पुढं, वरंध्याच्या घाटाकडं जाताना हिर्डोशी म्हणून गाव लागतं. आमच्या सुप्याकडच्या बायांपैकी तिथवर कोणी गेलेली मला तरी ठाऊक नाही. मी जाऊन आले, आणि आल्यापासून जी भेटेल ती विचारते, "कसा हाय गं तो मुलूख?" प्रत्येकीला पहिल्यापासून सांगून घसा बसला. म्हणून म्हटलं, एकदाचं लिहूनच काढावं. अक्षरं मी पोरं मोठी झाल्यावर शिकले, तेव्हा बोलते तसंच उतरणार. त्याला इलाज नाही.

माझी धाकटी लेक गोदा हिर्डोशीला दिलेली. पहिलं बाळंतपण माहेरी करायचं, ही आपली रीत. पण तिच्या पायांवर सूज आलेली, आणि तिथल्या सुईणीनं सांगितलं, पोरीला गाडीचे हिसके नकोत. जावई ते सांगायला आले ते भाद्रपदाच्या शेवटी, आणि दिवस भरत होते ऐन नवरात्रात. आता आली का पंचाईत! आमच्या घरात घट थोरल्या बाईनं बसवायचा, पुरुषानं हात लावायचा नाही. सासूबाई गेल्यापासून ते माझ्याकडं. लेकीकडं जावं तर घट राहतो, घटापाशी बसावं तर लेक एकटी.

घरधनी म्हणाले, "देवीला घिऊन जा की. टाक केवढासा, लुगड्याच्या घडीत मावंल."

माझी जाऊ तिथंच जोंधळे निवडत बसली होती. ती म्हणाली, "न्या बाई, न्या. पण आपली पयली माळ तरवडाची असती, तेवढं ध्येनात ठेवा. ती चुकली तर घट बसला न्हाई म्हनायचं."

मी हसले. तरवड काय, कुठंही मिळेल! मीठ विसरू नको म्हणून सांगितल्यासारखं वाटलं मला ते.

शहरातल्या वाचणाऱ्यांसाठी सांगते. तरवड म्हणजे कमरेइतकं, फार तर माणसाच्या डोक्याइतकं झुडूप. चिंचेसारखी बारीक जोडपानं, चपट्या शेंगा, आणि पाऊस ओसरला की अशी पिवळी फुलं, की बांधाला हळद लावल्यासारखं दिसतं. गुरं त्याला तोंड लावत नाहीत, म्हणून तो माळावर मोकाट. चामडं कमवायला त्याची साल नेतात, सकाळी दातवणाला त्याचीच काडी. कोणी तो लावत नाही, कोणी राखत नाही. एकदा पुण्यात एका बंगल्याच्या फाटकाशी मुद्दाम लावलेला, आळं करून पाणी घातलेला तरवड पाहिला, तेव्हा मला हसू आवरेना. माळी म्हणाला, "शोभेचं झाड हाय, आजी." म्हटलं, असेल बाबा.

तर असा तो आमचा तरवड. तो नसलेला मुलूख असतो हे माझ्या मनातच आलं नाही.

कापूरहोळ

जेजुरी-सासवडवरून कापूरहोळपर्यंत आमची बैलगाडीच. त्या वाटेचं काय सांगू, धूळ आणि धक्के. कापूरहोळला पुण्याकडनं येणारी मोटार धरायची. लढाईचे दिवस, पेट्रोल मिळेना, म्हणून मोटारीच्या पाठीला कोळशाची भट्टी बसवलेली. ती मोटार आली तेव्हा मला वाटलं, जळतच आली. क्लीनर खाली उतरून भट्टीत सळई घालून ढोसत होता आणि त्याचं तोंड तव्यासारखं झालं होतं.

तिथल्या हॉटेलात गुळाचा चहा घेतला, साखर नव्हतीच. समोर बांधावर तरवड नुसता फुललेला. जावई म्हणाले, "मामी, घ्यायची का फुलं हितनंच?"

"आत्ता घेऊन काय करू? घट परवा सकाळी. तवर त्यांचा चोथा हुईल. तुमच्या बांधावरनं ताजी तोडू की."

जावईबापूंनी मान डोलावली. फार कमी बोलणारा माणूस. पुढं मी त्यांना विचारलं, तुम्हाला माहीत नव्हतं का हो? तर म्हणाले, "मामी, मला फुलांतलं काय कळतंय? पिवळं ते पिवळं."

चढावर मोटारीचा दम संपला. सगळे पुरुष उतरले आणि ढकलायला लागले. मी पण उतरले, तर ड्रायव्हर म्हणतो, "आजी, तुमी बसा." म्हटलं, "बाबा, मी उतरले तर तेवढंच वझं कमी." ढकलत ढकलत ती खिंड ओलांडली. उताराला लागल्यावर मात्र ती अशी सुटली, की मी टाकाचं बोचकं छातीशी घट्ट धरलं आणि म्हटलं, देवी, आता तूच.

भोर

भोर म्हणजे संस्थान. गावात शिरायच्या आधी जकातीचा नाका. शिपाई प्रत्येकाचं गाठोडं बघत होता. माझ्यापाशी आला.

"काय हाय आत?"

"देवी."

"कसली देवी?"

"आमची."

"चांदीची का?"

"चांदीची का असंना, इकायला न्हाई आणली. नऊ दिवस लेकीकडं पावनी चालली हाय."

त्यानं वहाण काढली, बोचक्याला हात जोडले, आणि मग शेजारच्या माणसाच्या तंबाखूवर जकात मागायला वळला. मला तो शिपाई आवडला.

भोरात माझी मावसबहीण काशी राहते, तिच्याकडं मुक्काम. संध्याकाळी नीरेच्या घाटावर गेलो. नदी भरून चाललेली, पायऱ्यांवर बाया भांडी घासतात, आणि पलीकडं राजवाडा. काशीनं तांदळाची भाकरी आणि मेथीची भाजी केली. भाकरी पांढरीशुभ्र, मऊ, तोंडात घातली की विरते. आमच्या बाजरीच्या भाकरीसारखी ती तुमच्याशी झुंजत नाही. मी चार खाल्ल्या तरी पोट विचारत होतं, जेवण कधी?

काशी म्हणाली, "घट हितंच बसव माझ्याकडं. नऊ दिवस ऱ्हा, मग जा लेकीकडं. वर पाऊस लई."

"आणि तवर पोर मोकळी झाली म्हंजे?"

काशीनं माझ्या ताटात आणखी एक भाकरी वाढली. तिच्या परसाच्या कुंपणाला दोन-चार तरवड होते. आमच्यापेक्षा किरकोळ, पण होते. मी पाहिले, आणि मनात म्हटलं, बघ, आहे की.

वर जाताना

दुसऱ्या दिवशी अमावस्या. आंबवड्याचा एक गाडीवान, सखाराम, हिर्डोशीपर्यंत मीठ आणि तेल घेऊन चालला होता, त्यानं आम्हाला घेतलं. माणूस मोठा बोलका, आणि मी पण काही मुकी नाही. त्याच्या सासऱ्याचं भांडण, माझ्या नणंदेचं लग्न, त्याच्या बैलांच्या खोडी, माझी गुडघेदुखी. वाट नीरेच्या काठाकाठानं वर चढत होती. डोंगर जवळ जवळ येत गेले. भाताची खाचरं पायऱ्यांसारखी एकावर एक, लोंब्या वाकलेल्या, आणि पाणी तर जिथं पाहाल तिथं. दगडातनं पाणी, झाडाच्या मुळातनं पाणी. आमच्याकडं एवढ्या पाण्यावर दोन गावांची भांडणं मिटली असती.

या सगळ्यात तरवड कुठं मागं राहिला ते मला कळलंच नाही. वाटेवर एक कुठला तरी शेवटचा असणार ना? मी त्याच्यासमोरूनच गेले असणार, सखारामाच्या सासऱ्याला नावं ठेवत.

हिर्डोशी

गोदा दारात उभी होती. पोट एवढं पुढं आलेलं आणि तोंड बारीक. मला पाहून रडली, मग हसली, मग म्हणाली, "आये, तू लई काळी झालीस."

विहीणबाईंनी पायांवर पाणी घातलं. भागूबाई त्यांचं नाव. माहेर वेल्ह्याकडचं. काटक बाई, जीभ तिखट, पण हात मायेचा. घर कौलारू, नवं, ओसरीला शेणाचा वास. त्यांचा घट देवघरात बसायचा होता, माझ्या देवीसाठी माजघराचा कोपरा सारवून, रांगोळी काढून ठेवला होता. माझ्या डोळ्यांत पाणीच आलं.

चहा झाल्यावर मी म्हटलं, "इनबाई, टोपली द्या. उजेड हाय तवर तरवड कुठं हाय त्ये बगून ठेवते. सकाळी लवकर तोडाय बरं."

"कसला तरवड?"

"तरवड. पिवळ्या फुलांचा. बांधावर असतुया त्यो."

त्यांनी गोदाकडं पाहिलं. गोदानं मान खाली घातली. तिला ठाऊक होतं. पण आई येणार या आनंदात ती बोललीच नव्हती, की बोलले तर आई येणार नाही म्हणून गप्प राहिली, ते देवीला माहीत.

"त्यो हितं न्हाई व्हत, इनबाई," विहीणबाई म्हणाल्या. "येल्ह्यात न्हाई, हितं न्हाई. माज्या जावंनं एकदा खालनं शेंगा आनून दारात टाकल्या. उगवला इतभर, आन् आकाडात कुजून गेला. त्याला आमचा पाऊस सोसत न्हाई. पाय वले ऱ्हायलेलं चालत न्हाई त्येला."

मी ओसरीवर बसले. सासूबाईंनी मला हा घट हातात दिला तेव्हा दुसरं काही सांगितलं नव्हतं, पहिली माळ तरवडाची, एवढंच सांगितलं होतं. त्यांच्या सासूनं त्यांना तेच सांगितलेलं. दुष्काळात घरात दाणा नव्हता, तेव्हाही माळ तरवडाचीच पडली होती, कारण तो दुष्काळातही फुलतो. आणि माझ्या हातून ती चुकणार, तीसुद्धा मी सहज म्हणून फुलं घेतली नाहीत म्हणून.

जावई उठले. "मामी, म्या निघतो. सकाळच्या पारी आंबवड्याच्या आलीकडं तरवड गाठीन, दोपारपातुर येतो माघारी."

"आन् रातीत हिला कळा लागल्या तर? गप बसा." त्यांना मी बसवलं. पण मन काही बसेना. शेवटी मला एकच सुचलं. सखाराम सकाळी गाडी घेऊन खाली चालला होता. त्याच्याबरोबर देवी घेऊन उतरायचं, तरवड दिसेल तिथं माळ घालायची, आणि काशीकडं भोरला घट पुरे करायचे. मग वर यायचं. नऊ दिवस. तेवढ्यात पोर मोकळी झाली तर होईल माझ्याशिवाय.

हे मी बोलून दाखवलं. गोदा उठली. आत गेली आणि तांदूळ पाखडायला लागली. सूप जरा जोरात आपटत होती.

पहिली माळ

सकाळी विहीणबाईंचा घट बसला. त्यांना काही अडचणच नव्हती, त्यांची माळ कारळ्याच्या फुलांची. कारळं म्हणजे ते तेलाचं काळं बी हो, तिकडं डोंगरउतारावर त्याची शेतंच्या शेतं, आणि या दिवसांत सगळी पिवळी. लांबून पाहिलं तर वाटावं तरवडच.

मी माझ्या कोपऱ्यात पत्रावळीवर माती पसरली, धान्य पेरलं, घट ठेवला, टाक मांडला. सगळं केलं. माळ तेवढी नव्हती. बाहेर सखाराम बैल जुंपून उभा.

विहीणबाई दारात आल्या, टोपलीत कारळ्याची फुलं. "ही घाला."

"आमच्यात तरवड लागतुया."

"तुमची देवी काय तरवडाच्या सालीवर जगती का काय? पिवळं फूल हाय, ताजं हाय, डोंगरावरचं हाय."

"तुमाला न्हाई कळायचं."

"मला न्हाई कळायचं तर तिलाच इचारा की! कौल लावा."

कौल माहीत असेल तुम्हाला. देवाच्या अंगावर दोन बाजूंना ओली फुलं चिकटवायची आणि विचारायचं. उजवं आधी पडलं तर होकार, डावं पडलं तर नकार. मला पटलं. माझ्या डोक्यावरचं ओझं देवीच्या डोक्यावर जाणार होतं. मी कारळ्याच्या दोन पाकळ्या पाण्यात बुडवल्या, टाकाच्या उजवीकडं एक, डावीकडं एक लावली, आणि हात जोडून म्हटलं, "ही माळ चालत असंल तर उजवी दे. न्हाईतर डावी दे, म्या तुला खाली नेते."

आणि बसले.

आमच्याकडं कौल लावला की दोन पानं चघळेपर्यंत पाकळी सुकून पडते. आमची हवाच कोरडी. इथं? भिंती ओल्या, सरपण ओलं, बाहेर झिमझिम चाललेली. पाकळ्या गोंदानं चिकटवाव्यात तशा बसल्या. विहीणबाईंनी चुलीवर वरीचा भात टाकला, तो शिजला, तरी पाकळ्या जागच्या जागी.

बाहेरून सखाराम ओरडला, "आजी, येताय का?"

"कौल लावलाय!"

"काय म्हनती देवी?"

"इचार करती!"

जावई दारात उभे, गोदा माझ्या शेजारी भिंतीला टेकून. तिच्या पायांकडं माझं लक्ष गेलं. सूज एवढी, की जोडव्यांच्या दोन्ही बाजूंना मांस वर आलेलं. मी विचारलं, "जोडवी काढून का न्हाई ठेवलीस?"

"निगत न्हाईत."

"कोनी काढली न्हाईत?"

"तू आलीस की म्हनलं तू काढशील."

मी स्वयंपाकघरातनं खोबरेल घेऊन आले. एकेक बोट चोळलं, दोरा गुंडाळला, हळूहळू फिरवत जोडवी काढली. ती "आयी गं" म्हणत होती आणि हसत होती. तिची बोटं माझ्या हातात होती आणि सखाराम पुन्हा ओरडला, "आजी, बैल कटाळले!"

मी टाकाकडं पाहिलंच नाही. उठले, टोपली ओढली, सुईत दोरा ओवला आणि कारळ्याची माळ ओवायला बसले. माझ्या सासूबाईंना मी मनातल्या मनात सांगितलं, तुम्ही मला दिलीत ती रीत तिथली, तरवड जिथवर आहे तिथवरची. त्यापलीकडं तरवड येत नाही, पण लेक आम्ही दिली. आता मी तिच्यापाशी बसते. तुम्ही रागवायचं तर रागवा.

माळ घटावर सोडली. पदर लागला आणि पाकळ्या दोन्ही कुठं तरी मातीत गेल्या.

"आरं, कुठली पडली?" विहीणबाईंनी विचारलं.

"न्हाई बगितली."

त्यांनी कपाळावर हात मारला. मग बाहेर जाऊन सखारामाला म्हणाल्या, "जा रं बाबा तू. आमच्या इनबाईंनी देवीला बोलूच दिलं न्हाई."

त्यानंतरचे दिवस

मग मात्र मी सुखात राहिले. रोज सकाळी विहीणबाईंबरोबर कारळ्याच्या उतारावर जायचं. ढग खाली खाचरांत उतरलेले, आपण वर, आणि समोर एकामागं एक डोंगर. विहीणबाई हात करून दाखवायच्या, "त्या धारंच्या पल्याड, आन् त्याच्या बी पल्याड माजं म्हेर." मला सगळ्या धारा सारख्याच दिसायच्या. उपासाला वरी, तीही त्याच उतारावरची. आमच्याकडं वरी म्हणजे वाण्याच्या दुकानातली चीज, इथं ती बकऱ्यांपासून राखावी लागते. फक्त एक मला जमलं नाही. माझी लुगडी वाळली नाहीत. चुलीच्या वर दोरी बांधून धुरावर वाळवायची, त्यामुळं नऊ दिवस मी भाजलेल्या मक्याच्या कणसासारखी वास मारत होते.

सातव्या माळेच्या दिवशी सकाळी गोदाला कळा लागल्या. सुईण आली. मी पोरीच्या डोक्याशी, विहीणबाई पाण्याशी. दुपार व्हायच्या आत मुलगी झाली. डोकं भरून केस, आणि आवाज असा, की समोरच्या आळीतल्या बाया विचारायला आल्या.

विहीणबाई नातीला पाहून खुळ्यासारख्या हसत होत्या. आणि एकदम त्यांचं हसू गेलं.

"इनबाई... माझी आजची माळ ऱ्हायली."

माझी पहाटेच पडली होती, पण कळांच्या गडबडीत त्यांची माळ पडलीच नव्हती. आणि आता मूल झालं, म्हणजे त्यांच्या कुळाला दहा दिवस सोयर. देवघरात पाऊल टाकता येईना. मुलाला नाही, सुनेला नाही, भावकीत कुणालाच नाही. त्यांचा घट अर्ध्यात उघडा पडणार. त्या भिंतीला धरून उभ्या राहिल्या. 

"मला कुठं सोयर हाय?" मी म्हटलं. "माजं कूळ येगळं. आंगूळ करते आन् घालते."

आंघोळ करून ओलेत्यानं देवघरात गेले. टोपलीत फुलं होती, मी सुई घ्यायला वळले, तर दारातनं आवाज. विहीणबाई उंबऱ्याच्या बाहेर, लुगडं सावरून, आत वाकून पाहत होत्या.

"सुई न्हाई! आमच्या देवीची फुलं टोचायची न्हाईत. केळीचा सोप हाय बगा त्या कोनाड्यात. गाठी मारायच्या."

मी केळीच्या सालीचा तो ओला दोर घेतला. देठ धरून गाठ मारायची, पुन्हा देठ, पुन्हा गाठ. माझी बोटं जाड, दोर बुळबुळीत, फुलं निसटून मांडीवर.

"सैल झाली. आवळा."

"आवळली."

"कुटं आवळली? त्ये बगा, गळालं!"

"इनबाई, तुमी आत येऊन करता का?"

"येता आलं आसतं तर तुमाला लावलं आसतं व्हय!"

बाळंतिणीच्या खोलीतनं गोदा हसली. पोरगी रडायला लागली. मी जीभ दाताखाली धरून शेवटची गाठ मारली, उठले आणि माळ घटावर बांधायला लागले. उंबऱ्याबाहेर विहीणबाई टाचा उंचावून, मान वाकडी करून, दोन्ही हात जोडून उभ्या.

"जरा वर," त्या म्हणाल्या. "आजून वर. हां. आता डाव्या अंगाला तिरकी झाली, नीट करा."